दादा, ऑर्फा मे तुझ्यामुळे बुडाली नाही

ईशाने तुझ्यासाठी पेपरात चार ओळी दिल्या, त्यात लिहिलं की तू शांतपणे गेलास. लेकीने बापाबद्दल तसं लिहावं, तिचा हक्क आहे. पण मी ते वाचलं आणि किचनमध्ये जाऊन धुतलेली भांडी पुन्हा धुवायला काढली. मिलिंद आत डोकावला, माझा चेहरा पाहिला आणि परत गेला. तीस वर्षांच्या संसारात नवरा एवढं शिकतोच.

तू शांतपणे गेला नाहीस, दादा. तू आमच्या गेस्टरूममध्ये सहा महिने खोकत होतास. आणि जानेवारीपासून आपण दोघं एका छपराखाली राहून एकमेकांशी जेवढ्यास तेवढं बोलत होतो. "चहा ठेवू?" "ठेव." "औषध घेतलं?" "हो." सख्ख्या बहीण-भावांचं एवढंच संभाषण. तुला जाऊन पाच आठवडे झाले आणि माझा राग काही उतरलेला नाही. लोक म्हणतात, गेलेल्या माणसावर राग धरू नये. का धरू नये? माणूस मेला म्हणून त्याने केलेली चूक बरोबर होते का?

म्हणून लिहायला बसले. या खेपेला तुला मधेच उठून बॅकयार्डात जाता येणार नाही.

आपण बल्लारशाचे. बाबा जंगल खात्याच्या लाकूड डेपोत कारकून. सागाच्या ओंडक्यांच्या थप्प्यांमधून आपण लपाछपी खेळायचो. बाबा ओंडक्यावर बोटाच्या पेराने ठोकायचे आणि सांगायचे, हा भरीव आहे, हा आतून गेलेला आहे. तू त्यांच्या मागे मागे फिरून तेच करायचास. मला ते कधी कळलं नाही, मला सगळे आवाज सारखेच वाटायचे. तुला दहाव्या वर्षीच कळायला लागलं. समुद्र मात्र तू पाहिलास तो बाविसाव्या वर्षी, नोकरीच्या मुलाखतीला मुंबईला गेलास तेव्हा, आणि परत येऊन म्हणालास, "ठीक आहे. पाणी खूप आहे."

अशा माणसाने म्हातारपणी जहाजावर जावं.

या देशात आल्यावर एकतीस वर्षं तू नोव्हाय शहरात, मोटारींच्या कंपनीत, गाड्यांच्या दारांना लागणाऱ्या रबराच्या पट्ट्या डिझाइन करायचास. नवी गाडी बंद खोलीत उभी करायची, वरून पाऊस सोडायचा आणि आत बसून टॉर्चने शोधायचं, थेंब कुठून येतो. वहिनी गेल्यावर तू लवकर रिटायर झालास. ऑक्टोबरात झाडांचे रंग बघायला म्हणून एका आठवड्यासाठी मेन राज्यात गेलास आणि परत आलास तो फक्त घर विकायला. फोनवर म्हणालास, "शुभे, एक जहाज भेटलं."

"भेटलं म्हणजे?"

"म्हणजे धक्क्यावर उभी होती. मी तिच्या फळ्या ठोकून पाहिल्या. साग नाही, ओक आहे. पण आवाज तोच असते."

मला वाटलं, दुःखाने डोकं फिरलं. तसंच मी मिलिंदला सांगितलंही.

ऑर्फा मे. दोन डोलकाठ्या, जुनं लाकडी मालवाहू जहाज. शंभरी उलटलेली. तू तिच्याबद्दल इतकं बोलायचास की मला तिची सगळी कुंडली पाठ झाली. आधी तिने बेटांवरच्या खाणींतून ग्रॅनाइट वाहिला. मग भट्टीतला चुना. त्या चुन्याची गोष्ट तू मला कितीदा सांगितलीस. चुन्याला पाणी लागलं तर तो पेटतो, म्हणून तळाशी माल पेटला की खलाशी पाणी ओतत नसत. सगळी दारं-भोकं लिंपून बंद करायचे आणि आग गुदमरून मरायची वाट बघत दिवसचे दिवस वर बसून राहायचे. खाली आग, बाजूला समुद्र आणि पाणी वापरायचं नाही. ही गोष्ट सांगताना तुझे डोळे चमकायचे. मग तिने मीठ वाहिलं, जळाऊ लाकूड वाहिलं. मग ट्रक आले आणि तिचं काम संपलं. कोणीतरी डोलकाठ्या कापून टाकल्या आणि ती कित्येक वर्षं चिखलात पडून राहिली. शेवटी आताच्या मालकाने तिला उचललं, पुन्हा उभी केली आणि पुन्हा धंद्याला लावली. बटाटे, पीठ, सफरचंदाच्या दारूची पिंपं, लोकर. डिझेल न जाळता आलेला माल म्हणून मोठ्या शहरांतले लोक हौसेने घ्यायचे.

मालकाचं नाव मी इथे लिहीत नाही. आमच्या वकिलाने तसं सांगितलंय.

तू त्या जहाजाचा सुतार झालास. दोन फळ्यांमधल्या फटीत कापूस आणि ताग ठोकून भरायचा, वरून डांबर ओतायचं. एका म्हाताऱ्या कारागिराकडून शिकलास. तुझे हात इंजिनिअरचे होते, ते दोन वर्षांत बाबांच्या डेपोतल्या हमालांसारखे झाले. एका उन्हाळ्यात मी तुझ्याबरोबर चार दिवस त्या जहाजावर होते. पहिले दोन दिवस मी कठड्याला धरून ओकत होते आणि तू माझी पाठ चोळत होतास. तिसऱ्या दिवशी सकाळी खालच्या चिमुकल्या किचनमध्ये, लाकडाच्या शेगडीवर, तू सगळ्यांसाठी तर्री-पोहे केलेस. ती पोरगी कप्तान, हॅना, घामाघूम होऊन तर्री ओरपत होती आणि आणखी मागत होती. शिडात वारा भरला होता. इंजिन नाही, आवाज नाही, फक्त लाकूड करकरतंय. तू सुकाणूपाशी उभा होतास आणि वहिनी गेल्यानंतर पहिल्यांदा मला तुझ्या चेहऱ्यावर काही ओढलेलं दिसलं नाही. त्या सकाळबद्दल मी त्या जहाजाची ऋणी आहे. हे मी तुला कधी सांगितलं नाही. मी परतताना एवढंच म्हणाले, "पुढच्या वेळी मला विमानाने बोलाव."

आता गेल्या वर्षीच्या त्या एप्रिलवर येते.

जहाज पाण्यात सोडायच्या आधी तू नेहमीसारखं तळापासून सगळं ठोकून पाहिलंस. तुझ्या वहीत ते आहे. उजवी बाजू, पाण्याखालच्या सात फळ्या मऊ. स्क्रू ड्रायव्हर टोचला की अर्धा इंच आत जातो. फळ्या ज्यांवर ठोकतात त्या मागच्या दोन बरगड्याही गेलेल्या. खाली तू इंग्रजीत लिहिलंस की या फळ्या बदलल्याशिवाय जहाज समुद्रात नेऊ नये. तारीख टाकलीस, फोटो काढलेस, मालकाला मेल केलीस. एकदा नाही, तीनदा.

मालकाने मेलला उत्तर दिलं नाही. तो स्वतः धक्क्यावर आला, हातात सगळ्यांसाठी कॉफी घेऊन. तो वाईट वागणारा माणूस नव्हता, हे तू मला दहादा सांगितलंस. सगळ्यांना नावाने ओळखायचा, ख्रिसमसला स्वेटर द्यायचा. तो म्हणाला, एवढा सीझन काढून दे, हिवाळ्यात तिला बाहेर काढू, तुला हवं ते कर. त्या वर्षी तिला नवी शिडं आली. नवा रंग आला. फोटोग्राफर आले. फळ्या आल्या नाहीत.

तू त्या मऊ फळ्यांवर बाहेरून तांब्याचा पत्रा ठोकलास.

मी फोनवर तुला म्हटलं होतं, "नाही म्हण. सही करू नको, ठोकू नको, निघून ये."

"मी नाही म्हटलं तर तो दुसऱ्या कोणाला सांगेल. तो नीट नाही ठोकणार."

"मग तो बुडवेल. तू कशाला?"

"शुभे, जहाजावर चार लोक राहून राहिले. मी उतरलो तर ती बुडणार नाही का?"

मी पंचवीस वर्षं औषधाच्या कंपनीत क्वालिटीचं काम करते. आमच्याकडे एक गोळी चुकली तर पूर्ण बॅच फेकतात. मी तुला हे सांगितलं तर तू हसलास आणि म्हणालास, "जहाज काही गोळी नाही." तुझ्या या हसण्याचा मला अजून राग येतो. कारण तुला माहीत होतं. ज्या माणसाने आयुष्यभर एका थेंबासाठी गाड्या परत पाठवल्या, त्या माणसाला माहीत नव्हतं असं कोणी म्हणू नये. जहाजावर तुझा जीव जडला होता, आणि ती धक्क्याला बांधून ठेवलेली तुला बघवत नव्हती. हे तू कधी कबूल केलं नाहीस.

ऑक्टोबरातली शेवटची खेप. बटाट्याची पोती आणि राय नावाच्या गव्हासारख्या धान्याची पोती. वाऱ्याचा इशारा होता. हॅनाला एक दिवस थांबायचं होतं. मालकाचा फोन आला की शनिवारच्या महोत्सवात माल हवाच, लोक वाट बघतायत. हॅना तुझ्याकडे बघून म्हणाली, "विनायक, तुला काय वाटतं?" तू म्हणालास, "हळू जाऊ." हे तूच मला हॉस्पिटलमध्ये सांगितलंस, नाकात नळ्या असताना.

दुपारी वारा फिरला. लाटा उजव्या अंगाला बसायला लागल्या. पत्रा एका कोपऱ्यातून सुटला आणि मागची फळी आत आली. खाली पोती भिजून फाटली, धान्य सुटलं आणि पंपांच्या तोंडात जाऊन बसलं. पंप गुदमरले. हॅनाने सगळ्यांना थंड पाण्यात तग धरायचे ते लाल सूट चढवायला सांगितले आणि फुगणारा तराफा उघडला. तू सूट घातला नाहीस, कारण तू खाली कमरेएवढ्या पाण्यात वाकून हाताने पंपाच्या तोंडातलं धान्य उपसत होतास. तेवढ्या वेळात बाकीचे चार तराफ्यावर चढले. ऑर्फा मे आधी उजवीकडे कलली, मग तिचं पुढचं टोक खाली गेलं. तू पाण्यात चाळीस मिनिटं होतास. लॉब्स्टर पकडणाऱ्या एका बोटीने तुम्हा सगळ्यांना उचललं.

पाचही माणसं वाचली, असं बातम्यांत आलं. पाच. तू सात महिन्यांनी गेलास, फुप्फुसात शिरलेल्या त्या पाण्यातून कधी बरा झालाच नाहीस, तेव्हा ती बातमी कोणी दुरुस्त केली नाही.

मी तुला आमच्या घरी, एडिसनला घेऊन आले. पहिले दोन महिने बरे गेले, खरं सांगते. तू सोफ्यावर बसून मला सूचना द्यायचास. मिलिंद तुला ओक ट्री रोडवरच्या देशी दुकानांकडे घेऊन जायचा, तू गाडीतच बसायचास आणि तो तुझ्यासाठी गरम जिलबी आणायचा. तुझ्या खोलीत टेबलावर ती वही असायची. मी एकदा वाचली. तू पाहिलंस आणि कूस बदललीस.

मग जानेवारीत जहाज बुडाल्याच्या सरकारी चौकशीची तारीख आली. तुला प्रवास झेपणार नव्हता म्हणून व्हिडिओ कॉल. माझ्या डायनिंग टेबलवर, माझ्या लॅपटॉपसमोर, इस्त्रीचा शर्ट घालून बसलास. मी किचनमध्ये मेथी निवडत होते. मला सगळं ऐकू येत होतं. अधिकारी बाई सभ्यपणे विचारत होती. तळाच्या दुरुस्तीचा निर्णय कोणाचा होता?

तू म्हणालास, माझा.

मालकाला फळ्यांची स्थिती माहीत होती का?

तू म्हणालास, मी त्यांना सांगितलं होतं की पत्रा पुरेल.

कप्तानला माहीत होतं का?

तू म्हणालास, नाही. मी तिला सांगितलं नव्हतं.

मेथीची जुडी माझ्या हातात तशीच राहिली. तीन प्रश्न आणि तीन खोटी उत्तरं. माझा भाऊ, ज्याने शाळेत मास्तरांच्या छड्या खाल्ल्या पण खोटं बोलला नाही, माझ्या घरात बसून रेकॉर्डवर खोटं बोलत होता. कॉल संपल्यावर मी लॅपटॉप मिटला आणि विचारलं, "हे काय केलंस?"

"बस शुभे. सांगतो."

"तुझ्याकडे वही आहे. तीन मेल आहेत. त्याने तुझं ऐकलं नाही. तू स्वतःवर कशाला घेतलंस?"

"मी म्हटलं त्याला माहीत होतं, तर पुढचा प्रश्न काय, हॅनाला माहीत होतं का. होतं. मी तिला हात लावून दाखवलं होतं. तरी ती निघाली. तिचं लायसन्स जाईल. एकोणतीस वर्षांची आहे ती. माझं आता काय जाते?"

"तुझं नाव जातं."

"नावाचं काय लोणचं घालायचं आहे?"

"आणि तो माणूस? तो सुटला ना. तो उद्या दुसरं जहाज घेईल. त्याच्यावर दुसरी हॅना असेल."

"तू काहून एवढी चिडून राहिली? घडून गेलं ते."

"तू तिला विचारलंस? हॅनाला? की तुला वाचवू का म्हणून?"

तू लॅपटॉपची वायर गुंडाळायला लागलास. कारण विचारलं नव्हतंस. तू कधीच कोणाला विचारत नाहीस. वहिनीचा आजार तू पाच महिने सगळ्यांपासून लपवलास, लोकांना त्रास नको म्हणून. मला कळलं तेव्हा ती माणसं ओळखत नव्हती. मी नोव्हायला आले, तिचा हात धरून बसले आणि तिने मला नर्स समजून थँक यू म्हटलं. तुला वाटलं तू मला वाचवलंस. तू माझ्याकडून माझी मैत्रीण काढून घेतलीस. हे मी तुला त्या दिवशी बोलून दाखवलं. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा.

तू उत्तर द्यायला तोंड उघडलंस आणि खोकला सुरू झाला. थांबेना. ओठ निळे पडले. मी धावत जाऊन तो श्वासाचा पंप आणला. आणि त्या खोकल्याच्या मधे, माझं मनगट धरून तू म्हणालास, "वही कोणाला दाखवू नको. कबूल कर." मी म्हटलं, "कबूल, कबूल, आता बोलू नको." ते वचन तुझ्या खोकल्याने घेतलं माझ्याकडून. तू नीट श्वास घेत असतास तर मी ते कधी दिलं नसतं.

त्यानंतर चार महिने चहा आणि औषध.

तू गेलास, आणि दोन आठवड्यांनी मालकाने मेनमध्ये धक्क्यावर तुझी स्मरणसभा ठेवली. ईशा तिच्या गावाहून, कॅरीहून आली. मी आणि मिलिंद ड्राइव्ह करून गेलो. फुलं होती, ऑर्फा मेचे फोटो होते, नव्या शिडांतले. त्याच फोटोग्राफरने काढलेले. तो बोलला, चांगलं बोलला. डोळे पुसले. म्हणाला, विनायकने एक चूक केली आणि ती एखाद्या खानदानी माणसासारखी स्वतःवर घेतली. लोकांनी माना हलवल्या. मग म्हणाला की आम्ही दुसरं लाकडी जहाज आणलं आहे, आणि कुटुंबाची परवानगी असेल तर त्याला 'विनायक' नाव द्यायची इच्छा आहे.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. ईशा रडायला लागली.

मी सभेतून उठून धक्क्याच्या टोकाला गेले. ते जहाज तिथे बांधलेलं होतं. चार-पाच जण बाजूला पाट्यांवर बसून त्याला रंग देत होते. पंचविशीतले, हसत-खिदळत. मी खाली वाकून एका फळीवर पेराने ठोकून बघितलं. मला काही कळलं नाही. मी रंग देणाऱ्या एका मुलीला विचारलं की पाण्याखालचा भाग कोणी तपासला आहे का. ती म्हणाली, "हिवाळ्यात बाहेर काढणार आहेत. हा सीझन असाच करायचाय."

दादा, मी तशीच सभेकडे परत निघाले. मी मालकाच्या तोंडावर बोलणार होते. मिलिंदने माझा दंड धरला. गाडीत ईशा म्हणाली, "आत्या, इट्स अ ब्यूटिफुल गेश्चर. बाबांना आवडलं असतं." मी तिला म्हटलं, "तुझ्या बाबांची चूक नव्हती." ती म्हणाली, "ही सेड इट हिमसेल्फ." तुझीच कबुली, तुझ्याच लेकीच्या तोंडून. मग मी तिला सगळं सांगितलं. वही, मेल, तुला दिलेलं वचन, सगळं. ती म्हणाली, "मग हे त्यांचं लास्ट विश होतं ना? यू प्रॉमिस्ड."

मी वही घेऊन कुठेही जाण्याआधी हॅनाकडे गेले. तू जे केलं नाहीस ते मला आधी करायचं होतं. ती आता एका छोट्या फेरीबोटीवर हाताखालचं काम करते, गाड्या आत-बाहेर लावते. आम्ही धक्क्याजवळच्या एका डायनरमध्ये बसलो. ती बारीक झालीये. तिने आधी विचारलं, "'जा बे' म्हणजे काय?"

मी विचारलं, कुठे ऐकलंस.

"मी त्याला वर ओढायला परत खाली उतरले होते. तो पंपापाशी होता. माझ्यावर ओरडत होता. जा बे, जा बे. मी गेले."

मी सांगितलं की आमच्या गावाकडे आपल्या माणसाला असं म्हणतात. तिने ते दोन शब्द हळूच पुन्हा म्हणून पाहिले. मग मी वही टेबलावर ठेवली आणि सगळं सांगितलं, तू काय बोललास आणि का. शेवटी विचारलं, "तुला हे ठाऊक होतं?"

"त्याचं स्टेटमेंट माझ्या आधी झालं," ती म्हणाली. "त्यांनी मला ते वाचून दाखवलं आणि विचारलं, तुम्हाला यात काही भर घालायची आहे का. मी म्हटलं, नाही. तो इतका आजारी होता. मला वाटलं, आता मी वेगळं बोलले तर तो खोटा ठरेल. म्हणून मी नाही म्हटलं." तिने वही स्वतःकडे ओढली. "मला त्या फळ्या माहीत होत्या. त्याने माझं बोट धरून त्यात घातलं होतं. मी निघायला नको होतं. मला हे कोणाला तरी सांगायचं होतं आणि त्याने माझ्यासाठी जागाच ठेवली नाही."

ऐकतोयस? तू तिला वाचवलं नाहीस. तू तिला गप्प बसवलंस. तुझ्या चांगुलपणाचं ओझं तिच्या छातीवर ठेवून तू निघून गेलास, आणि ती रोज फेरीबोटीवर गाड्या मोजत ते वाहतेय.

मी म्हटलं, "वही दिली तर तुझं लायसन्स जाऊ शकतं."

ती म्हणाली, "माहीत आहे. ते नवं जहाज कधी सुटतंय?"

"दहा-बारा दिवसांत."

"मग उद्याच जाऊ."

आम्ही चौकशीच्या ऑफिसात गेलो. तिने तीन तास नवं स्टेटमेंट दिलं. मी बाहेर बाकावर बसून होते. बाहेर आली तेव्हा तिचा चेहरा पांढराफटक होता, पण ती सरळ चालत होती. मग मी आत गेले, वही दिली, तुझ्या मेल दिल्या, आणि माझ्या डायनिंग टेबलवरून तू जे सांगितलंस ते खोटं होतं हे सही करून दिलं. बहिणीने मेलेल्या भावाला खोटं ठरवलं. लिहिताना हात थांबला होता. पण मी लिहिलं. तुझी चूकही लिहिली. पत्रा तू ठोकलास, ठोकायला नको होतास, हे मी गाळलं नाही.

पुढचं सांगते. ते दुसरं जहाज सुटलं नाही. पाण्याबाहेर काढून तपासल्याशिवाय माल किंवा माणूस घेऊन जायची त्याला मनाई झाली आहे. काय निघालं ते मला अजून कळलेलं नाही. हॅनाचं लायसन्स सध्या थांबवलंय, सुनावणी व्हायची आहे. राहील की जाईल, सांगता येत नाही. मालकाच्या वकिलाचं मला पत्र आलं. ईशा फोन उचलत नाही. मेसेज टाकला तर एका शब्दात उत्तर देते. अगदी तुझ्यासारखी. ती येईल कधीतरी, किंवा नाही येणार. तिला मी विचारलं नव्हतं हेही खरं. हॅनाला विचारलं, ईशाला फक्त सांगितलं. आपल्या घराण्याची खोड माझ्यातही आहे, दिसतंय.

तुला वाटत असेल, हिचा राग आता तरी गेला असेल. गेला नाही. तू मला अजून तीस वर्षं भांडायला हवा होतास. तू सोफ्यावर बसून म्हणायला हवं होतंस की तू समजून नाही राहिली शुभे, आणि मी ओरडायला हवं होतं. वचन मोडलं म्हणून तू महिनाभर माझ्याशी बोलला नसतास. चहा ठेवला असता तर तोंड फिरवून बसला असतास. मला चाललं असतं. महिना नाही, वर्षभर बोलला नसतास तरी चाललं असतं.

तू बाजूच्या खोलीत रुसून बसलेला असायला हवा होतास, दादा.